बैलांचा सोमवार

ताई, पयल्यापास्नं सांगू का? बरं. माझं नाव किसन. गाव माण तालुक्यात, शिखर शिंगणापूरचा डोंगर आमच्या दारातनं दिसतो. तुम्ही शारजाला अल नहदात ऱ्हाता म्हनलासा, तर तिथल्या तुमच्या एका बिल्डिंगीत जेवढी मानसं असतील तेवढी आमच्या आख्ख्या गावात न्हाईत, पर माझ्या लहानपनी गावात मानसापेक्षा बैलं जास्त व्हती. माझे वडील, आबा, त्येंना खिलार बैलांचा लई नाद. खिलार म्हंजी पांढरा, उंच, लांब शिंगांचा, चालला की बगत ऱ्हावं असा. आबा गाडीत कधी बसायचे न्हाईत, बैलांच्या बरूबर चालायचे. मी म्हनायचो, आबा, बसा की, जागा हाय, तर म्हनायचे, ती वडत्यात, आपुन निदान चालावं तरी. मी त्येंच्याच मागं चालत चालत शिकलो, कुनी शाळंत घालून शिकवलं न्हाई.

इथं दुबईला आलो ते सळई बांधायला. दुबई मरीनाला पान्याच्या कडंला ती उंच टावरं हायेत न्हाई का, त्यातल्या दोन टावरांच्या सळया ह्या हातांनी बांधल्यात, अल कुसैसच्या एका खोलीत आठ जन ऱ्हायलोय, सगळं केलंय. मंग कंपनीचं काम संपलं, खलास म्हनले, आन एका दोस्तानं सांगितलं की वाळवंटात हौशी लोकांना फिरायला कॅम्प निघालाय, जनावरांकडं मानूस पायजे. गेलो, तर काय सांगू तुम्हाला, वाळूत लाकडाचं गाव. अमेरिकेतलं जुनं गाव म्हनं, काउबॉय लोकांचं. दारूचं दुकान हाय, त्यात दारू न्हाई, लिंबू-पुदिना मिळतो. जेल हाय, त्यात लोकं हौसेनं आत जाऊन फोटू काढत्यात. आन घोड्यावर टोप्या घातलेले काउबॉय, त्यातला एक पेशावरचा, एक सुदानचा. मी मनात म्हनलं, किसन, चांगल्या ठिकानी आलास.

ह्या सगळ्याची मास्तरीन म्हंजी आमची डोना मॅडम. अमेरिकेची, साठीच्या पुढची, पर घोड्यावर बसली की आपुनच लाजावं. तिच्या पनजीची आई तिकडच्या पूर्वेकडनं पश्चिमेला गाड्यातनं गेलेली, चार-पाच महिने नुसतं चालतच. एक दिवस आमी घोडी धूत व्हतो, ती सांगत व्हती आन आमचे मॅनेजर इम्तियाजभाई, ते आपले रत्नागिरीकडचे, मराठीत करून सांगत व्हते. तर ती म्हनली, लोकांना घोडं आन बंदूकच ठावं हाय, ती सगळी दंतकथा झाली, खरं बगायला गेलं तर त्या बायामानसांचा संसार वडला तो बैलांनी. आन गाडीवाला गाडीत बसायचा न्हाई, लगाम न्हाई काही न्हाई, बैलाच्या डाव्या अंगाला चालायचा, नुसता आवाज आन काठी. ताई, मी हातातला पाइप टाकून उभा ऱ्हायलो. म्हनलं, भाई, मॅडमला सांगा, हे तर माझ्या आबाचं काम हाय. बैल आना, गाडा मी चालवतो.

आनले की त्येंनी. फुजैराला बैलांच्या टकरी लावत्यात, वशिंडाचे, आपल्याकडच्यासारखे थोराड बैल असत्यात. तिथनं दोन मिळाले, ते का, तर टकरीला उभे केले की भांडायचेच न्हाईत, एकमेकाला चाटत बसायचे, मालकानं वैतागून काढले. इम्तियाजभाई म्हनले, किसन, अमेरिकेत वशिंडाचा बैल असतो काय रं, लोक हसतील. म्हनलं, भाई, ती काय पिशवी न्हाई उतरून ठिवायला. मॅडमनं त्येंची नावं इंग्रजी ठेवली, पर त्या नावाला ते कानबी हालवायचे न्हाईत. मी हौश्या आन मन्या म्हनायला लागलो, लगेच वळून बगायला लागले. दोन महिन्यांत जू घ्यायला शिकले, हैक म्हनलं की चालायचे, हो म्हनलं की थांबायचे. दोरी नाकात न घालता, सांगून ठिवतो. सुदानचा पोरगा म्हनायचा, किसन, तू क्या जादू करता है. जादू कसली, दोन महिने मी त्येंच्याबरूबर जेवलोय.

आता चूक कुठं झाली ती सांगतो, आन ती माझीच, मी कबूल करतो. आमच्याकडं सोमवारी बैलाच्या मानंवर जू ठेवत न्हाईत. सोमवार महादेवाचा, महादेवाचा म्हंजी नंदीचा, नंदीचा म्हंजी बैलाचा. पेरनी खोळंबली तरी आबांनी सोमवारी औत धरलं न्हाई. तर हितंबी मी दर सोमवारी त्येंना जुंपायचो न्हाई, धुवायचो, खुरं बगायचो, सावलीत बांधायचो. कुनाला बोललो न्हाई. अहो, बैलाला सोमवार लागतो हे काय सांगायची गोष्ट हाय व्हय? मला वाटलं सगळ्या जगाला ठावं हाय. कॅम्पचं मोठं उद्घाटन ठरलं, लई मोठे पाव्हने, तो दिवस निघाला सोमवार, तरीबी मी निवांत. मला वाटलं, सोमवार हाय म्हंजी गाडा नुसता शोभंला उभा ऱ्हानार.

रविवारी दुपारी इम्तियाजभाई आले, म्हनले, उद्या चार वाजता जुंप, पाव्हन्यांची पोरंबाळं गाड्यात बसनार, गावाला एक फेरी. मी म्हनलं, भाई, उद्या सोमवार. ते म्हनले, मग? मी सांगितलं. ते डोकं धरून गवताच्या पेंडीवरच बसले. अरे बाबा, माझी नोकरी जाईल, तुझी तर आधी जाईल, एका दिसानं काय तुझा महादेव रागावतो? मला वाईट वाटलं, मानूस चांगला हाय. पर मी म्हनलं, भाई, जुम्म्याला दुपारी तुम्ही कितीबी काम असलं तरी हातातलं ठेवून नमाजाला जाता ना? तुमचा वार तुम्ही पाळता. ह्यांना तोंड न्हाई, ह्यांचा वार आपुन पाळायचा. नोकरी जाऊ दे, मी जू ठेवनार न्हाई. बोललो खरं, पर सांगतो ताई, मनात हिशेब सुरू झाला. घरी दोन पोरी शिकत्यात. नोकरी गेली तर तिकीट काढून जायचं आन तिथं करायचं काय?

भाई उठले आन मॅडमकडं गेले. मॅडम आली, सगळं ऐकलं, बैलांच्या कपाळाला हात लावून उभी ऱ्हायली. मंग म्हनली, आमच्या पनजीची आई ज्या तांड्यात व्हती ती लोकं रविवारी गाडे थांबवायची. देवाचा वार म्हनून. बाकीचे हसायचे, पुढं निघून जायचे. पर आमच्या घरात सांगत आलेत की पुढं गेलेल्यांची बैलं वाटंतच पडली, आन आमची मुक्कामाला पोचली. एवढं बोलली आन म्हनली, बैल बसू देत. गाडा मात्र फिरला पायजे, आता तूच सांग कसा.

मी म्हनलं, आमच्याकडं देवाचा रथ मानसं वडत्यात. आमी वडतो.

दुसऱ्या दिवशी चार वाजता गाड्याला पुढं दोर लावले. डाव्या अंगाला मी, उजव्याला पेशावरचा, मागं सुदानचा आन दोन नेपाळी आचारी, गाड्यात आठ-दहा पोरं. वाळूत चाक रुतलं, हलंना. तवर इम्तियाजभाईंनी कोट काढून खुंटीला अडकवला, कोऱ्या बुटासकट वाळूत उतरले आन दोर धरला. यल्ला म्हनले, म्हंजी चला. मी म्हनलं हैक, आन गाडा निघाला. मॅडम माइकवर सांगत व्हती की ज्यांच्याकडं बैलबी नव्हते ती लोकंबी अशीच हातानं गाडे वडत पश्चिमेला गेली, हे खरं हाय, कथा न्हाई. पाव्हने टाळ्या वाजवत व्हते, आन तिकडं सावलीत हौश्या आन मन्या रवंथ करत आमच्याकडं बगत बसले व्हते. तेवढी फेरी मारली ना ताई, माझी छाती अशी फुगली, मरीनाचे दोन टावर बांधून बी फुगली नव्हती.

तवापास्नं नेमच झाला. दारावर पाटी लावलीय, इंग्रजीत आन अरबीत, की सोमवारी बैल विश्रांती घेत्यात. लोक मुद्दाम सोमवारी येत्यात, गाडा वडायला. तुमची पोरगी मघाशी दोर धरून मला म्हनली, अंकल, इट्स सो हेवी. म्हनलं, व्हय बाळा, आता बैलाला विचार.

मी आबांना फोन केला. आता लई थकलेत, ऐकायला कमी येतं. सगळं वरडून सांगितलं, अमेरिका, गाडा, मॅडम, पाटी. आबा म्हनले, किसन, गेल्या साली सुताराच्या बबननं जोडी विकली, ती गावातली शेवटची. आता समदं ट्रॅक्टरवर. सोमवार येतो आन जातो, पाळायचा कुनासाठी? तुझ्याकडं दोन हायेत म्हनतोस, बरं झालं. सोमवार कुठंतरी ऱ्हायला.

माझ्या डोळ्यात पानी आलं. आजबी सोमवारच, म्हनून तर तुमच्यापाशी बसलोय एवढा वेळ. चला, त्येंना पानी दावायची वेळ झाली. महादेव तुमच्या लेकरांना सुखी ठेवो.