कागद घरी येईपर्यंत

चिमाजी – ...आन् काल तर मी पार आतल्या खोलीपर्यंत गेलो.

दीपमाला – कुठल्या खोलीपर्यंत, नाना?

चिमाजी – तुमच्या म्हसरूळच्या फ्लॅटातल्या. इथंच, या करंजाखाली पडल्या पडल्या. डोळा लागला, तर काय बघतो, दारातून पाणी आत चाललंय. खांद्यावर फावडं घेऊन मी त्याच्या मागं मागं. हॉलचा वाफा भरला, मंग पाणी वळवलं सैपाकघरात. फरशीवरून ते इतकं निवांत चाललं व्हतं म्हणून सांगू. आवाज नाय, काय नाय. चपला काढून ठेवल्या मी.

दीपमाला – आणि सोफा भिजला की काय?

चिमाजी – नाय भिजला. सपनातलं पाणी ते, त्याला समजतं.

(श्रावणातली दुपार, ऊन येतं आहे आणि जातं आहे. सायखेड्याच्या शिवारात, गोदाकाठच्या वीस गुंठ्यांत झेंडूची रोपं ट्रेमध्ये खोळंबली आहेत आणि पंचाहत्तरीचे चिमाजी त्यांच्याहून निवांत आहेत. सून दीपमाला, मुलगा भारतची बायको, सकाळच्या बसने नाशिकहून आली. तिला एकच गोष्ट सांगायची आहे, म्हणून तासभर ती बाकीच्या सगळ्या गोष्टी बोलते आहे. चिमाजींची बायको गोजराबाई दोन सऱ्या पलीकडे रोपं मांडते आहे. ती बोलत नाही, पण कान इकडेच आहेत.)

दीपमाला – मग आतली खोली भरली का?

चिमाजी – तिथंच तर गंमत. उंबऱ्याशी आलं आन् थांबलं. पुढं सरकंना. मी फावड्यानं लय वाट करून दिली. तेवढ्यात हिनं च्यासाठी हाक मारली.

दीपमाला – असं स्वप्न रोज पडतं?

चिमाजी – दसरा जवळ आला की पडतं. दर सालच्या झेंडूचा पैसा तुमच्या घराच्या कर्जाला; येक झेंडू, येक वाफा, असा हिशोब हाय माझा. औंदाचा बारावा. मागच्या साली भारत म्हणला, नाना, आता संपतच आलंय. म्हंजी औंदा दसऱ्याला कर्ज खलास. बँकेतून कागद घरी आला की हा चिमाजी वळकटी घेऊन तुमच्या दारात. तवर नाय. शब्द हाय माझा.

दीपमाला – वास्तुशांतीच्या दिवशी दिलेला.

चिमाजी – तू नवी नवरी व्हती. जेवणं झाली, पाव्हणे पांगले, मी भारतला म्हणलं, घराचा कागद दाव. म्हणतो, कागद बँकेत. म्हणलं, मंग बरोबर. ज्याच्या पेटीत कागद त्याचं घर. परक्याच्या घरी च्या घ्यावा, मुक्काम करू नये. चारची बस धरली.

दीपमाला – तेव्हापासून चारचीच बस. दिवाळीला चारची, तुमच्या नातवाच्या, ओमच्या वाढदिवसाला चारची. माझं ऑपरेशन झालं तेव्हासुद्धा डबा ठेवलात आणि निघालात.

चिमाजी – बस वेळेवर असती ती.

दीपमाला – आणि आई?

चिमाजी – ती माझ्यासंगं. शब्द माझा म्हंजी दोघांचा.

दीपमाला – मलाही एक स्वप्न पडतं, नाना. तुम्ही आणि आई बाल्कनीत बसलाय. चार वाजून गेलेत, बस गेलीय, आणि तुमच्या ते लक्षातच आलेलं नाही. मी आत चहा गाळतेय आणि मुद्दाम आवाज करत नाहीये.

चिमाजी – चांगलं हाय की सपान. येऊ दे दसरा.

दीपमाला – मी परवा बँकेत गेले होते.

चिमाजी – कागद मागायला?

दीपमाला – शेवटचा आकडा विचारायला. म्हटलं, दसऱ्याला तुमची गंमत करू. भारतलाही सांगितलं नव्हतं. तिथल्या बाईंनी सगळं छापून हातात दिलं. नाना, सव्वाचौदा लाख राहिलेत.

चिमाजी – कशाचे?

दीपमाला – घराचे.

चिमाजी – दुसऱ्या कुणाचं निघालं असंल. भारत नावाचे काय कमी हायेत नाशकात.

दीपमाला – मीही तेच म्हटलं. पण नाव आमचं, फ्लॅटचा नंबर आमचा, सहीसुद्धा भारतचीच.

चिमाजी – घेतले व्हते बावीस.

दीपमाला – बावीस. वीस वर्षांसाठी. महिन्याला एकवीस हजार दोनशे तीस. आजवर तीस लाखांच्या आसपास भरलेत.

चिमाजी – तीस भरून बाविसातले चौदा ऱ्हातात? दीपा, मी शाळेत कमी गेलो, पर एवढा बी कमी नाय.

दीपमाला – मी पण तिथे खुर्चीत बसून बोटांवर हाच हिशोब करत राहिले. त्यांनी पाणी दिलं. मग सांगितलं, बँक दर महिन्याला आधी व्याज घेते, जेवढं कर्ज बाकी त्याच्यावर. उरेल ते घराला. पहिला हप्ता आठवतो ना, तुम्ही पेढे आणले होते? त्यातले अठरा हजार तीनशे व्याजाला गेले. घराला लागले दोन हजार नऊशे.

चिमाजी – एकवीस हजारातले?

दीपमाला – हो.

चिमाजी – म्हंजी पाटानं पिलं.

दीपमाला – काय?

चिमाजी – पाणी गं. विहिरीवर मोटर चालू करायची, तासभर पाणी सोडायचं. पाट कोरडा, लांबलचक. शेवटच्या वाफ्याला जाऊन बघावं तर ओंजळभर. बाकीचं पाटच पितो. जेवढा लांब पाट तेवढा जास्त पितो. तुमचा वीस वरसांचा व्हता.

दीपमाला – त्या बाईंनी मला अर्धा तास समजावलं, नाना.

चिमाजी – त्यांनी पिकाला पाण्याचं बारं दिलेलं नसंल कधी. आन् वीस वरसं असंच चाललं तर?

दीपमाला – बावीस लाखांचं कर्ज एक्कावन्नला पडतं.

चिमाजी – दोन घरांचे पैसे, वर ओसरी बांधायला उरले असते. बरं. पर दीपा, म्हणून तर आपला झेंडू व्हता. साठ हजार, सत्तर हजार, एका साली तर ऐंशी. ते पैसे पाटातून नव्हते गेले. ते मी उचलून थेट वाफ्यात ओतले.

दीपमाला – हेच सांगायला आलेय. ते वाफ्यात गेले नाहीत.

चिमाजी – मंग कुठं गेले? भारतनं काय...

दीपमाला – भारतनं एक रुपया इकडचा तिकडे केला नाही. दसऱ्याच्या दुसऱ्या दिवशी सुट्टी टाकून बँकेत जायचा. पण ज्या खात्यातून हप्ता कापतात, त्याच खात्यात भरायचा. पुढचे तीन हप्ते त्यातून आपोआप जायचे. तीन महिने पगार मोकळा. आम्हाला वाटायचं, कर्ज तीन महिन्यांनी कमी झालं. कमी काहीच झालं नव्हतं. नेहमीचाच हप्ता, फक्त आधी आणून ठेवलेला.

चिमाजी – मंग करायचं काय व्हतं?

दीपमाला – एक अर्ज. अर्धं पान. ही रक्कम मुद्दलात जमा करा, एवढंच लिहायचं. दर दसऱ्याला.

चिमाजी – आन् लिहिलं असतं तर?

दीपमाला – राहू दे ना नाना.

चिमाजी – एवढ्या लांब आली हाय, अर्धं सांगून जाऊ नको.

दीपमाला – त्यांनी मशीनवर करून दाखवलं. मी दोनदा करायला लावलं. या दसऱ्याला संपलं असतं.

चिमाजी – औंदा?

दीपमाला – औंदा. बारावा झेंडू, आणि कागद घरी.

चिमाजी – म्हंजी माझा हिशोब बरोबर व्हता.

दीपमाला – अगदी बरोबर होता.

चिमाजी – ते बघ, नदीपलीकडं सर आली. इकडं येती का तिकडूनच जाती, काय सांगता येत नाय. ...आता किती ऱ्हायलं?

दीपमाला – असंच चाललं तर आठ वर्षं.

चिमाजी – त्र्याऐंशी. मी म्हणतोय, मी त्र्याऐंशीचा.

दीपमाला – भारतला परवाच सांगितलं. नीट जेवला नाही तेव्हापासून. म्हणाला, नानांसमोर जायला तोंड नाही मला. म्हटलं, मग मी जाते.

चिमाजी – त्याला का तोंड नाय? पुढचे तीन हप्ते भरून टाक, हे त्याला सांगितलं कुणी?

दीपमाला – जाऊ द्या हो.

चिमाजी – कुणी सांगितलं, दीपा?

दीपमाला – तुम्ही.

चिमाजी – मी. याच झाडाखाली. माझा बाप दसऱ्याच्या दुसऱ्या दिवशी गाडीवाल्याचं तीन महिन्यांचं भाडं आगाऊ देऊन मोकळा व्हायचा. म्हणायचा, फुलाचा पैसा घरात ठेवला की दोन दिसांत मान टाकतो. म्हणून सगळ्यांचं आगाऊ. गाडीवाल्याला चाललं, दुकानदाराला चाललं. मी म्हणलं, बँकेला बी चालंल. आन् पोरगं माझं असं, की बापानं सांगितलं म्हणून बारा वरसं तसंच केलं. दुसऱ्याचं पोरगं असतं तर उलटून बोललं असतं, त्यातून काय तरी निघालं असतं.

दीपमाला – वाईट वाटून घेऊ नका.

चिमाजी – वाटतंय की. वाटू दे थोडं.

दीपमाला – बरं.

चिमाजी – मंग ते तीन महिन्यांचे पगार? मोकळे व्हायचे ते?

दीपमाला – पहिल्या वर्षी फ्रीज घेतला. ओम झाला त्या वर्षी सगळे दवाखान्यात गेले. एकदा भारतच्या गाडीला. एका वर्षी मीच हट्ट केला, समुद्र बघायचा म्हणून. ओम लाटेला घाबरून भारतच्या डोक्यावर चढून बसला होता, फोटो दाखवला होता तुम्हाला. गेल्या वर्षी ओमचे दात.

चिमाजी – फ्रीज माझ्या झेंडूचा?

दीपमाला – हो.

चिमाजी – आन् तू गार पाणी आणायची तर मी म्हणायचो, नको, माठातलं दे.

दीपमाला – दरवेळी म्हणायचात.

चिमाजी – दात चांगले झाले पोराचे.

दीपमाला – नाना, मी दोन अर्ज घेऊन आलेय. एक मुद्दलाचा. दुसरा व्याजाचा दर कमी करायचा. नव्या लोकांना कमी दर लावतात, जुन्यांनी मागितला तरच देतात, आणि आम्ही कधी मागितलाच नाही. दोन्ही केलं आणि झेंडू चालू राहिला, तर पाच वर्षांत संपतं.

चिमाजी – म्हंजी ऐंशी. ऐंशीत बसतंय माझं.

दीपमाला – पण मला तुम्ही झेंडू लावायलाच नको आहे. गुडघ्यांना डॉक्टर काय म्हणाले ते आईंनी सांगितलंय मला. औंदा राहू द्या. आमचं आम्ही फेडू, दोन वर्षं जास्त लागली तर लागू देत.

चिमाजी – रोपं आणलीत. आणलेली रोपं परत नेत नसतात. आन् आता कुठं पाणी वाफ्यात पाडायचं समजलंय, तर तू मोटर बंद करायला लावती.

दीपमाला – मग लावा. पण मी एक मागते. शब्द मोडा.

चिमाजी – ते नको मागू.

दीपमाला – पाच वर्षं कागद येणार नाही. ओम चौदाचा होईल. त्याला आजोबा म्हणजे चारच्या बसने जाणारे, एवढेच माहीत आहेत. परवा मला विचारलं, आई, नानांना अंधारात दिसत नाही का? म्हणून ते राहत नाहीत?

चिमाजी – असं म्हणला?

दीपमाला – खरं सांगते नाना, राग आला होता तुमचा. त्या एका कागदासाठी आम्ही बारा वर्षं माणसं असून नसल्यासारखे राहिलो. हप्त्यांपेक्षा मला हे जास्त महाग पडलं.

चिमाजी – हं.

दीपमाला – आणि तुमच्याच हिशोबाने बघा ना. बाविसातले पावणेआठ लाख फिटलेत. घरात तीन खोल्या. म्हणजे एक खोली पूर्ण भिजली. त्या खोलीत झोपा. ती काही बँकेची नाही.

चिमाजी – आन् तिथं जायला बँकेच्या हॉलमधून जावं लागंल, त्याचं काय?

दीपमाला – चपला काढून जा.

चिमाजी – तुला कुणी वकिलीला का घातलं नाय?

दीपमाला – येता?

चिमाजी – उद्या दुपारपर्यंत रोपं लावून व्हतील. मंग निघू. पर मी येकटा काय सांगू, हिलाबी इतकी वरसं माझ्या बसला बांधलं मी. गोजरे, ऐकती का? दीपा मुक्कामाला चल म्हणती. बारा वरसांत लेकाच्या घरी येक रात तू झोपली नाय.

गोजराबाई – झोपले हाय.

चिमाजी – काय?

गोजराबाई – ओमचं बारसं झालं त्याच्या दुसऱ्या महिन्यात. पंचवटीला बहिणीकडं ऱ्हाते म्हणून निरोप दिला व्हता तुमाला. बहीण तवा गावाला गेली व्हती.

चिमाजी – दीपा, तुला ठावं व्हतं?

दीपमाला – मीच बोलावलं होतं त्यांना. ओम रात्र रात्र रडायचा, माझ्या अंगात त्राण नव्हतं.

चिमाजी – आन् नऊ वरसं मला कुणी बोललं नाय.

गोजराबाई – शब्द देताना तुम्ही तरी कुठं मला बोललात.

चिमाजी – बरं. खरं हाय. मंग येक सांग आता. त्या राती घर कुणाचं वाटलं तुला? बँकेचं का आपलं?

गोजराबाई – ते काय बघितलं नाय मी. पोर कुशीत झोपलं व्हतं. उठंल म्हणून रातभर कूस बदलली नाय.