पिंपळदऱ्याची दोन देवळं आणि मोजणीसाहेब

अहो मुख्य कार्यालयातले साहेब! तुम्ही कुठं बसलाय ते मला इथून दिसत नाही, पण आरोप ऐकून घ्या. तुम्ही देवाची मेंढरं राखत नाही, नुसती मोजता. लंगडतंय कोण, उपाशी कोण – पत्ता नाही. आकडा मात्र तोंडपाठ!

तर मंडळी, सवाल असा – देवाच्या घरी माणूस डोक्यावरून मोजावा, की गुडघ्यावरून? हसू नका. आधी मार्थाबाईंची गोष्ट ऐका, मग हसा.

पिंपळदऱ्यात ख्रिस्ती घरं मूठभर, आणि देवळं दोन! का? जुन्या काळी दोन गोरे मिशनरी आले. एक म्हणाला, प्रार्थना उभं राहून करा. दुसरा म्हणाला, गुडघे टेका. भांडले, दोन देवळं बांधली, आणि बोटीत बसून गेले. लोक राहिले मागं. ते काय करणार? सकाळी वरच्या देवळात उभे राहायचे, मग ओढा ओलांडून खालच्या देवळात गुडघे टेकायचे. कवायतच की हो ती!

मार्थाबाई भिंगारदिवे दोन्हीकडच्या. लग्न वरच्या देवळात लागलं, आणि नवरा एलिया खालच्या देवळाच्या आवारात पुरलेला. दर रविवारी बाई कबरीवर शेवंती ठेवायच्या आणि आठवड्याच्या तक्रारी सांगायच्या. जिवंतपणी तो ऐकत नव्हता. आता उठून जातोय कुठं?

अन् निरोप आला. दोन्ही मिशनांचं आता एकच मुख्य कार्यालय झालेलं. तिथले साहेब एकाच सकाळी दोन्ही देवळं बघणार. बाकं भरलेली दिसली तर देऊळ चालू. नाहीतर कुलूप – देवळाला आणि आवारालाही!

एलियाच्या कबरीला कुलूप? मार्थाबाईंनी सगळी घरं गोळा केली.

"सायेब जीपनं वळसा घालून येनार. आपन वढ्यातनं पळायचं. बाप्यांनी टोप्या बदला, बायांनी पदर."

"आन् वयनी, तोंडं?" दीर शिमोन म्हणाला.

"तोंडं कोन बघतंय रं? डोकी मोजाया येतोय त्यो."

रविवार उगवला. वरचं देऊळ खच्चून भरलं. साहेबांनी भिंतीवर जगाचा नकाशा टांगला.

"जगात तीन माणसांमागं जवळजवळ एक ख्रिस्ती आहे. युरोपात देवळं डोंगराएवढी, पण बाकं रिकामी. आफ्रिकेत माणसं झाडाखालीसुद्धा मावत नाहीत. ब्राझील बघा, फिलिपाइन्स बघा –"

"आन् पिंपळदरा?" शिमोननं विचारलं.

साहेबांनी नकाशावर काडी फिरवली. तिथं माशी बसली होती.

साहेब चहाला बसले, आणि मंडळी निघाली ओढ्यातून! चपला हातात, लुगडी गुडघ्यावर. जीप पोचली तेव्हा खालचं देऊळही गच्च. फक्त सगळी धापा टाकत होती. साहेब पाळकांना म्हणाले, "वा, काय आत्मा संचारलाय यांच्यात!"

पाळक म्हणाले, "प्रार्थना करू या."

आणि घात झाला, मंडळी. पाय खाली पोचले होते, डोकी वरच्या देवळातच राहिलेली – सगळं देऊळ ताडकन उभं राहिलं! जिथं गुडघे टेकायचे तिथं!

आमेन झालं. साहेब लालबुंद. "इथं गुडघे टेकायची रीत ना? मग सगळी डोळे मिटून उभी कशी? वरचीच माणसं तुम्ही! याला कुलूप लागणार."

खिडकीतून एलियाची कबर दिसत होती. मार्थाबाई पुढं आल्या.

"सायेब, येक इचारू? पराथना चालू हुती. आमचं समद्यांचं डोळं मिटल्यालं. आमाला तर काय बी दिसलं न्हाई. तुमाला कसं दिसलं?"

साहेबांनी पेन काढलं, आणि परत खिशात ठेवलं. अहवालात लिहायचं काय? 'लोक प्रार्थना करत होते, तेव्हा मी टकमक बघत होतो'?

कुलूप जीपमधून आलं होतं, जीपमधूनच परत गेलं. मार्थाबाईंनी कबरीवर शेवंती ठेवली. "ऐकलंत का?" म्हणाल्या, आणि साहेबाची तक्रार सांगायला बसल्या.

डोकी मोजी त्याचा, डोळाच ना मिटे।
देव त्यासी भेटे, कैसा सांगा॥

आणि तुम्ही कशाला हसताय, मागच्या बाकावरचे? मघाशी प्रार्थनेत मान वळवून 'आज किती आलेत' ते कोण बघत होतं?

आणि साहेब, तुम्हीही सुटला नाहीत. जगाचा नकाशा गुंडाळून ठेवा आणि एवढंच सांगा – प्रार्थनेत डोळे शेवटचे कधी मिटले होते? मी उभा आहे. उत्तर द्या!