माकडहाडाला फ्रेंचमध्ये काय म्हणतात

खुर्ची होती. एवढंच माझं म्हणणं, पहिल्या दिवसापासून, आणि नेमकं तेवढंच कुणाला पटत नव्हतं. तुम्हाला सांगते, एखादा म्हणाला भूत पाहिलं तर चार माणसं जवळ सरकून ऐकतात, पण मी म्हणाले खुर्ची पाहिली, तर मला घरातल्या घरात वेड्यात काढलं. आता तुम्हीच सांगा, ज्या खुर्चीवर बसून मी अर्धं जेवण केलं, ती खुर्ची मी पाण्याचा जग आणायला उठले म्हणून काय पाय फुटून बाल्कनीत हवा खायला गेली? उठले, जग आणला, टेबलावर ठेवला आणि बसले... म्हणजे बसतेय, बसतेय, बसतेय, तरी खुर्ची काही येईना. आली ती थेट फरशी.

लेकीच्या घरचं रविवारचं जेवण ते. लेक आत गॅसपाशी, आमच्याकडे पाठ करून. जावईबापू माझ्या पाठीमागे कुठंतरी उभे. आणि समोर आमचे हे, तोंडात घास. मी खाली, डोळ्यांपुढे काजवे, जिथं बसतो तिथून निघालेली कळ थेट डोक्यात, आणि पहिला शब्द कुणाचा? ह्यांचा. "अगं, खुर्ची नसताना बसायचं कशाला?" मी खालूनच म्हटलं, खुर्ची होती. तर हे म्हणाले, "नव्हतीच. मी समोरच बसलोय ना." झालं! समोर बसलेला माणूसच असं बोलल्यावर माझं कोण ऐकतंय? लेक आतून धावत आली आणि मला उठवायच्या आधी म्हणाली की आई, चष्म्याचा नंबर बघून घे. जावईबापू मात्र बिचारे एक शब्द बोलले नाहीत. मला काखेत धरून उठवलं, उशी आणली, कान नुसते लालबुंद. मी मनात म्हटलं, बघा, सासू पडली तर ह्या पोराच्या कानापर्यंत गेलं. इतका गुणी पोरगा!

बरं, पडलो, उठलो, संपलं असतं. पण माझं काम बसायचं. पडदे शिवते मी, मोठमोठ्या हॉटेलांचे, दवाखान्यांचे, ह्या भिंतीपासून त्या भिंतीपर्यंत पोचतील असे. खिडकीजवळची मशीन माझी आहे, इतकी वर्षं माझीच आहे, तिचा पायटा माझा पाय ओळखतो, दुसरं कुणी बसलं तर ती धागा तोडते. आता त्या मशीनवर मी बसू कशी? डावीकडे कलले तर शिवण उजवीकडे पळते, उजवीकडे कलले तर डावीकडे. एका हॉटेलाचा अख्खा पडदा असा तिरका गेला की टांगल्यावर वाटावं, इमारतच कलली. सुपरवायझरबाई आल्या, कुठं दुखतं विचारलं. मी काय पडद्याआड बोलणारी नाही, सरळ म्हटलं, बसते तिथं. सगळ्या बाया फिदीफिदी हसल्या. सुपरवायझरबाई म्हणाल्या, त्याला दुखणं म्हणत नाहीत, त्याला कंटाळा म्हणतात, आणि खरंच काही झालं असेल तर डॉक्टरकडून त्याचं नाव लिहून आण, नाहीतर पुढच्या महिन्यापासून तू उभ्यानं इस्त्रीला आणि ही मशीन त्या शेजारच्या चष्मेवालीला. चष्मेवाली! जी आत्ताच माझ्या मशीनकडे असं बघते, जसं हातरुमाल टाकून जागा धरलीय.

म्हणजे आता सगळं अडलं ते नावावर. आणि नावं तर काय, आमच्या घरात पोत्यानं आहेत.

कशी, ते सांगते. औषधाच्या खोक्यात घडी घातलेला तो बारीक अक्षरांचा कागद असतो ना, जो आपण न वाचता फेकतो, तो आमचे जावईबापू इंग्रजीतून फ्रेंचमध्ये करतात. त्याचा पगार मिळतो, खोटं नाही सांगत. त्यासाठी त्यांनी एक जाडजूड यादी पाठ केलीय. आधी आजाराचं नाव, मग त्याचा इंग्रजीत अर्थ, मग फ्रेंचमध्ये त्याला काय म्हणतात ते. दाढी करताना पाठ, जिना चढताना पाठ. कुणी शिंकलं की आपण काय म्हणतो? काही नाही म्हणत, नाक पूस म्हणतो. जावईबापू म्हणणार, "एतेर्न्युमाँ." आमच्या ह्यांच्या पोटात जळजळ होते, जन्मापासून होते, अधाशासारखं खाल्लं की होणारच. पण जावईबापूंनी एकदा सांगितलं की बाबा, ह्याला फ्रेंचमध्ये "ब्र्युल्यूर देस्तोमा" म्हणतात, तेव्हापासून ह्यांची चालच बदलली. पूर्वी ढेकर देत फिरायचे, आता पोटावर हात ठेवून सावकाश बसतात, आलेल्यागेलेल्याला सांगतात, आमचं ते ब्र्युल्यूर पुन्हा उसळलंय. आणि लोक आदरानं माना हलवतात! त्या घरात ज्या दुखण्याला तिन्ही रकाने नाहीत ते दुखणंच नाही. माझ्या दुखण्याला एकही नव्हता. मी नुसती दुखत होते.

म्हणून जावईबापूंना म्हटलं, बापू, तुमच्या त्या यादीतून माझ्यासाठी पण एक काढा. कुठं दुखतं विचारलं. मी सांगितलं, पाठ जिथं संपते त्याच्या खाली, मधोमध, बसताना जी आधी टेकते ती जागा. पुन्हा कान लाल. जरा विचार केला, ह्यांच्याकडे बघितलं, आणि म्हणाले, "आई, हा लंबॅगो." म्हटलं म्हणजे काय? तर कंबरदुखी, फ्रेंचमध्ये पण जवळजवळ तसंच म्हणतात. म्हटलं, अहो कंबर नाही, कंबरेच्या चार बोटं खाली. "हो हो, पण यादीत तो लंबॅगोच." मला वाटलं, लाजतोय पोरगा, सासूच्या बसायच्या जागेविषयी कसं बोलणार? म्हणून चार बोटं वर सरकवलं. मी म्हटलं असू दे, त्याची लाज राहू दे.

पण दुखणं त्याच्या लाजेखातर वर सरकतंय का?

मग सुरू झाला लंबॅगोचा कारभार. कंबरेला पट्टा, असा करकचून की श्वास मागून घ्यावा लागे. कंबरेला शेक. कंबरेला मलम, त्याचा वास असा की चष्मेवालीनं स्वतःहून दोन मशिनी सोडून बस्तान हलवलं, तेवढाच त्याचा उपयोग. कंबर माझी आधीही ठणठणीत होती, आता तर तरुण मुलीसारखी झाली, आणि खाली ती कळ जशीच्या तशी. मी रोज म्हणावं की अहो, कंबर नाही. हे रोज म्हणणार, "तुला जावयापेक्षा जास्त कळतं का? त्याला तिन्ही भाषांत माहीत आहे." आणि मधूनच मी जरा म्हटलं की खुर्ची होती, की हे टीव्हीचा आवाज वाढवणार. महिना संपत आला. मी उभ्यानं जेवायला लागले. कुशीवर निजायला लागले. स्वतःच्या घरात पाहुण्यासारखी दारात उभी... बस ना, कोणी म्हणेना, आणि म्हटलं तरी बसता येईना.

शेवटी सुपरवायझरबाई म्हणाल्या, सोमवारी कागद आण नाहीतर इस्त्री. मी लेकीला म्हटलं, मला हाडांच्या डॉक्टरकडे ने, यादी पुरे झाली. मोठ्या दवाखान्यात चौकशी केली, तर हाडांचा डॉक्टर बाहेरून आलेला, इंग्रजी मोडकंतोडकं, बोलतो फ्रेंच. लेकीला सुट्टी नाही. म्हणजे सोबत कोण? जावईबापू. आणि हे, पण हे बाहेरच्या बाकावर, गादीच्या, कारण ब्र्युल्यूर.

आत गेलो. डॉक्टरनं काहीतरी विचारलं. मी म्हटलं, सांगा बापू, इथं दुखतं, आणि बोट ठेवून दाखवलं, कंबरेला नाही, जिथं आहे तिथं. बापू घुटमळले, म्हणाले, आई, कंबर म्हणू या का? मी म्हटलं, बापू, मी कंबरेसाठी बस बदलून आलेली नाही. तोवर डॉक्टरनं मला पालथं झोपवलं, त्या कागद घातलेल्या खाटेवर, आणि नेमकं तिथं एक बोट दाबलं. मी जी ओरडले ना, त्याचं भाषांतर करावं लागलं नाही. डॉक्टरनं भिंतीवर टांगलेला प्लास्टिकचा कणा काढून आणला, अगदी टोकाचं ते इवलंसं वाकडं हाड दाखवलं आणि म्हणाला, "कॉक्सिस." मी बापूंकडे बघितलं. ते जमिनीकडे बघत म्हणाले, "माकडहाड." मी म्हटलं, आलं का नाव? पहिल्या दिवशी का नाही आलं?

मग डॉक्टरनं पुढचं विचारलं. बापू म्हणाले, कसं झालं विचारतायत. मी म्हटलं, सांगा, पडले. एक शब्द, पडले. आणि बापू बोलायला लागले... बोलतायत, बोलतायत, घाम पुसतायत, हात हलवतायत, एकदा माझ्याकडे बघितलं, एकदा दाराकडे, जिथं बाहेर हे बसलेले. माझा एक शब्द फ्रेंचमध्ये एवढा लांब होतो? डॉक्टरनं आधी कपाळावर हात मारला. मग हसू दाबलं. मग उठला, आपली चाकांची खुर्ची घेतली, तिच्यापुढे मी उभी असल्यासारखं हवेत दाखवलं, खुर्चीची पाठ दोन्ही हातांनी धरली, वाकून नमस्कारासारखं केलं आणि खुर्ची झर्रकन मागे ओढली. मग बापूंकडे बघून बोट नाचवलं.

मी चौथी शिकलेली बाई. मला इंग्रजी येत नाही, फ्रेंच येत नाही. पण खुर्ची ओढलेली कळायला कुठली भाषा लागते?

मी विचारलं, "बापू, डॉक्टर काय म्हणाले?"

"काही नाही आई, जपून बसत जा म्हणाले."

"बापू. खुर्ची होती ना?"

बापूंनी ती चाकांची खुर्ची जागच्या जागी सरकवली. मग म्हणाले, "होती, आई."

तुम्हाला सांगते, अर्धं दुखणं तिथंच उतरलं. एका माणसानं म्हटलं की होती. भले ते आधी परक्या डॉक्टरला सांगितलं, मला कळू नये अशा भाषेत सांगितलं, पण म्हटलं.

मग सगळं बाहेर आलं. बापूंच्या ऑफिसात परदेशी पाहुण्यांचं जेवण झालं होतं, तिथं त्यांनी पाहिलं की बाई टेबलाशी आली की साहेब तिच्यासाठी अदबीनं खुर्ची मागे ओढतो. त्यांना वाटलं, आपणही सासूबाईंचा मान करावा. अहो, पण ओढलेली खुर्ची पुन्हा पुढे सरकवायची असते! ह्या पोरानं अर्धाच धडा पाहिला होता, उरलेल्या अर्ध्यात मी फरशीवर. आणि लंबॅगो? तर म्हणे, माकडहाडाचं नाव काढलं की कुणीही विचारतं, पडलात कशा? लंबॅगो आपोआप होतो, त्याला कुणी पाडावं लागत नाही. बघा, लाज नव्हती ती, अक्कल होती! मी म्हटलं, अहो पण त्याच दिवशी सांगितलं असतं तर मी काय तुम्हाला खाल्लं असतं? तर बापू म्हणाले, "मी तोंड उघडलंच होतं, आई. पण बाबांनी डोळ्यांनी खुणावलं, गप्प. मग बाल्कनीत नेऊन म्हणाले, तुम्ही काही बोलू नका, मी सांभाळतो, ती चार दिवसांत विसरेल."

सांभाळतो!

बाहेर आले. गादीच्या बाकावर हे आरामात. "काय निघालं? लंबॅगोच ना?" आणि बाजूला सरकून म्हणाले, "बस." मी आधी हातानं बाक चाचपून पाहिला. उभीच राहिले. म्हटलं, खुर्ची होती. ह्यांनी बापूंकडे बघितलं, बापू भिंतीकडे, आणि ह्यांना कळलं. म्हणाले, "आता झालं ते झालं. जावई आहे तो, त्याची मान खाली गेली असती."

"आणि मी अख्खी खाली गेले ती?"

तर म्हणाले, अगदी सहज, जसं घड्याळात किती वाजले सांगावं तसं, "तू काय, तू घरचीच आहेस."

मी डॉक्टरनं दिलेली मध्ये भोक असलेली गोल उशी काखेत मारली आणि बस पकडली, उभ्यानं.

सोमवारी कागद नेला. इंग्रजीत, फ्रेंचमध्ये, आणि खाली मी बापूंकडून ठळक अक्षरांत लिहून घेतलं, माकडहाड. सुपरवायझरबाईंनी दोनदा वाचला, म्हणाल्या, बस तुझ्या मशीनवर. चष्मेवालीनं तिथं ठेवलेली आपली कात्री गुपचूप उचलली. मी उशी ठेवली, बसले, आणि पायट्यावर पाय ठेवणार तोच सगळ्या बायांनी मशिनी थांबवल्या, की असं कसं झालं, सांग. मी सांगितलं, खुर्ची होती, कुणीतरी काढून घेतली. कुणी, म्हणून सगळ्या मागेच लागल्या, नाव सांग. आता बापूंचं घेऊ? पोरानं मानच करायला घेतला होता, आणि आता तो दर रविवारी माझी खुर्ची दोन्ही हातांनी गच्च धरून उभा राहतो, मी टेकेपर्यंत सोडत नाही. लेकीचं घेऊ? तिची पाठ होती. मी दोरा ओवला आणि खरं ते नाव सांगितलं. तुम्हाला सांगते, महिनाभर माझ्या एका शब्दावर कुणाचा विश्वास बसला नव्हता, आणि इथं एकीनंही पुरावा मागितला नाही, एकीलाही नवल वाटलं नाही, एवढंच म्हणाल्या, हं, आणि आपापल्या शिवणीला लागल्या... कारण ते नाव प्रत्येकीच्या घरी आहे. आमचे हे.