बिनमिशीचे नवरदेव

लेक : फोटोग्राफरला लग्न कुणाचं म्हणून सांगितलंत?

बाबा : माझं.

लेक : बाबा!

बाबा : अगं, त्याने एकदम विचारलं, "लग्न कुणाचं?" मला मुलगी एकच. तुझं लग्न त्यानेच टिपलंय. चौतीस वर्षं मुख्याध्यापक होतो, खोटं बोलायची सवय नाही. तोंडाला आलं ते बोलून गेलो.

लेक : आणि आई कुठंय?

बाबा : बाजारात. पाचच्या आत घरी यायचं नाही, एवढंच सांगितलंय तिला.

लेक : परत येईल तेव्हा नवरा बोहल्यावर! मी म्हटलं होतं, नव्या नंबरवरून फोन करा, नवं गिऱ्हाईक व्हा. नवरदेव व्हा, असं कुठं म्हटलं होतं?

बाबा : पण गंमत बघ. तुझ्या लग्नाच्या अल्बमसाठी आठ महिने तू फोन करतेस, जावई करतात, मी करतो, उचलत नाही. दुकानावर जावं तर कुलूप. आज खालच्या औषधवाल्याकडून केला, तर पहिल्या रिंगमध्ये "नमस्कार, अभिनंदन!" नमुन्याचा अल्बम घेऊन घरीच येतो म्हणाला.

लेक : नवं गिऱ्हाईक दिसलं की बिळाबाहेर, जुनं दिसलं की आत. आपलं घर त्याने पाहिलेलं नाही, सगळी बोलणी जावयांनीच केली होती, हे एक बरं. ओठावरून सारखा हात फिरवू नका, ओळखेल तो.

बाबा : चाळीस वर्षांची मिशी होती गं. एका फोटोसाठी गेली.

लेक : फोटोसाठी नाही, आई आणि आत्यासाठी.

बाबा : माहीत आहे. ताई म्हणते, ग्रुप फोटोला तुझ्या बायकोने मला मुद्दाम बोलावलं नाही. तुझी आई म्हणते, घसा फुटेस्तोवर हाका मारल्या. तेव्हापासून नणंद-भावजयीत अबोला, आणि मधल्यामध्ये मी पोस्टमन. "तिला सांग, माझा डबा परत पाठव." "त्यांना सांगा, डबा माझाच होता."

लेक : फोटोत आई हाक मारताना दिसली, तर आत्या माघार घेणार. नाही दिसली, तर आई माफी मागणार. दोघींनी कबूल केलंय. खरं तर फोटोचीही गरज नव्हती. तुम्ही शेजारीच उभे होतात की.

बाबा : मला काही आठवत नाही. लेकीच्या लग्नात बापाच्या काय लक्षात राहणार? नवे बूट चावत होते, तेवढं आठवतं.

(दारावरची घंटा वाजते.)

लेक : आला. मी स्वयंपाकघरात जाते, मला बघून पळेल तो. आपले फोटो कुठं ठेवलेत ते गोडीत काढून घ्या. खोकलात की मी बाहेर येते.

फोटोग्राफर : अभिनंदन, सर! या वयात असा निर्णय म्हणजे छाती लागते. मॅडम कुठायत?

बाबा : बाजारात.

फोटोग्राफर : खरेदी! असायचीच. आणि ओळख कुठली, सर?

बाबा : घरातलीच.

फोटोग्राफर : वा. घरच्यांचा विरोध नाही ना?

बाबा : अजून कळलेलं नाही त्यांना. तुम्ही आधी अल्बम काढा.

फोटोग्राफर : हा बघा. आमचा सगळ्यात गाजलेला. हा उघडला की समोरचा थेट तारीखच सांगतो. पहिलं पान, नवरी.

बाबा : ही?

फोटोग्राफर : फोटोत गोड आलीय ना? मेसेजमध्ये भारी तिखट आहे.

बाबा : हा अल्बम त्यांचाच ना? मग त्यांना दिला नाहीत?

फोटोग्राफर : द्यायलाच निघालो होतो, सर. वाटेत एका पार्टीला दाखवला, जागच्या जागी काम मिळालं. म्हटलं, उद्या देऊ. उद्या दुसरी पार्टी. असं करत तेवीस लग्नं झाली. आता कडा झिजल्यात, सतराव्या पानावर कुणीतरी चहा सांडलाय. कुठल्या तोंडाने नेऊन देऊ?

बाबा : फोन तरी उचलावा माणसाने.

फोटोग्राफर : उचलून सांगू काय? त्यात हे नवरीचे वडील. दर सोमवारी, नवाच्या ठोक्याला. त्या वेळी मी फोन उशीखाली घालतो. आणि ही मिशी बघा. झाडू लावल्यासारखी! प्रत्येक फोटोत ओठावर सावली. रात्ररात्र बसून काढली मी ती.

बाबा : चांगली भरदार होती की!

फोटोग्राफर : होती?

बाबा : आहे. फोटोत आहे. पान उलटा.

फोटोग्राफर : हा ग्रुप फोटो. हा मी सगळ्यांना मुद्दाम दाखवतो. घरच्यांनी काय करू नये, ते कळावं म्हणून. या नवरीच्या आई. मान मागे, हात लांब, तोंड उघडं. कुणाला तरी बोलावतायत, "अहो ताई, या ना!"

बाबा : म्हणजे हाक मारली होती!

फोटोग्राफर : एकदा नाही, तीनदा.

बाबा : मग थांबायला काय झालं होतं तुम्हाला? ती बाई जीव तोडून बोलावतेय, आणि तुम्ही खुशाल बटण दाबता? तुमच्या एका बटणामुळे लोकांच्या घरात काय काय होतं, कल्पना आहे?

फोटोग्राफर : मी थांबलोच होतो, सर. हे मिशीवाले थांबेनात. त्यांचा हात बघा, मला खुणावतोय. म्हणाले, "घ्या हो तुम्ही. बहीण आहे माझी, तिला जन्मात वेळेवर यायला जमलं नाही. इथं माझे बूट चावतायत." सर? पाणी आणू का?

लेक : बाबा!

फोटोग्राफर : या... या तर पहिल्या पानावरच्या!

लेक : हो. तिखट.

फोटोग्राफर : मग सर, तुम्ही... मिशी...

लेक : द्या तो अल्बम इकडे.

बाबा : अगं, एवढी घाई काय आहे? त्यांचं पोट आहे त्यावर. राहू द्या हो तुमच्याकडेच. आणखी आठ महिने ठेवा.

लेक : आठ महिने डबे वाहिलेत तुम्ही.

बाबा : अजून वाहीन. रिकामेच असतात.

लेक : आत्याला फोन लावा. आत्ता. माझ्यासमोर, आवाज मोठा करून.

फोटोग्राफर : मी निघू का?

लेक : बसा. फोन कसा उचलतात ते बघा जरा.

आत्या : बोल रे. डबा दिला का तिने?

बाबा : ताई, अल्बम आला.

आत्या : बरं.

बाबा : हिने हाक मारली होती. तीनदा. फोटोत स्पष्ट दिसतंय. आणि फोटोवाल्याला घाई करणारा मीच होतो. मी त्याला म्हणालो...

आत्या : "तिला जन्मात वेळेवर यायला जमलं नाही."

बाबा : तू ऐकलंस?

आत्या : चार पावलांवर होते.

बाबा : आणि हिच्या हाका?

आत्या : त्याही ऐकल्या. येते मी संध्याकाळी. तिला सांग की... राहू दे. तू नको सांगूस, माझं मी बोलेन तिच्याशी.

बाबा : पण ताई, सगळं ऐकलं होतंस, तर आठ महिने हिच्यावर कशाला रागावलीस?

आत्या : तुझ्यावर रागावून बघितलं होतं रे, पहिले दोन दिवस. जमलं नाही.