भिंतीपलीकडचं भूत

कुकरच्या शिटीनं पांढुर्ण्यातली निवांत दुपार मोडली. भिंतीपलीकडे नव्यानं राहायला आलेल्या म्हातारा-म्हातारीनं टीव्ही मोठा केला. पूनम भाजी चिरता चिरता ऐकू लागली.

"या भयपटात भीतीच नाही," टीव्हीवरची समीक्षक म्हणाली.

"पण दुसरा, विनोदी चित्रपट मस्त जमलाय," तिच्या सोबतचा समीक्षक म्हणाला.

"बाई बरोबर बोलून राहिली," म्हातारीनं निकाल दिला.

"अवं, तू कुठं पाह्यला तो भुताचा?"

"चाळीस वर्षं तुमाले पाहून राहिली, आनखी कोणतं भूत पाहू?"

"मंग विनोदीच पाहू. शनिवारी नागपूरले जाऊ."

"मागच्या शनिवारीबी हेच म्हनत होते!"

दोघंही खोकला येईस्तोवर हसले.

सहा वर्षांची सायली भिंतीला कान लावून उभी होती.

"आई, बाबा सुट्टीवर घरी आले, की तुमी दोघं काऊन नाही बोलत?"