बोराट्यांपल्याडचा देव

रूपराव : बाजूले व्हा, कमलाबाई. बोराट्या उचलाच्या हायेत मले.

कमलाबाई : मी कुठं आडवी आली, रूपरावजी? मी तं माह्या वावरात उभी हावो. बोरीच्या काट्या तुमी टाकल्या, तुमच्याच धुऱ्याच्या बांधावर, माहा रस्ता अडवाले. आठ दिवस झाले.

रूपराव : मंग उचलतो ना. काल माह्या पोराचं, रजतचं लगन झालं. जोडपं भिवसन देवाले न्याचं हाये. थे पाहा, सडकेवर उभे हायेत दोघंबी. आता आमचा देव तुमच्या वावरात, त्याले मी काय करू!

कमलाबाई : न्या ना. पन रस्ता कुठं हाये इथं?

रूपराव : काऊन येड घेऊन पेडगावले जाता?

कमलाबाई : माहं काय? म्यां रस्त्याचा अर्ज केला तं तुमीच तहसीलीत लिहून देल्लं. नक्कल हाये माह्याजवळ, आयका. "सदर शेतातून येण्याजाण्याची वहिवाट कधीच नव्हती व नाही." खाली सही. मस्त सही हाये, शेपटीवाली!

रूपराव : थे माह्या वावरातून जाते त्या तुमच्या बैलबंडीचं लिहिलं व्हतं!

कमलाबाई : कागद तं "कधीच नव्हती" म्हन्ते. मंग चाळीस वर्सं तुमी देवाले नारळ कसं नेत व्हते? उडत?

विमलाबाई : सांगा ना आता. माह्या नवऱ्याले पंख हायेत, मले बी आजच समजलं.

रूपराव : विमल! तुले जोडप्याजवळ थांब म्हटलं व्हतं ना?

विमलाबाई : थांबली व्हती. सुरभी इचारून राह्यली, "आई, बाबाले रस्ता नाई सापडला का?" काय सांगू नव्या सुनेले? सासऱ्यानंच हरवला म्हनू?

रूपराव : नाल्याकडून नेतो मंग.

विमलाबाई : न्या. शालू नेसलेली पोरगी चिखलातून न्या. तुमी मेल्यावर बी सांगन ती लोकाइले.

रूपराव : कमलाबाई, आजचा दिवस जाऊ द्या. बाकी मंग पाहू.

कमलाबाई : मंग कवा? वेचलेला कापूस गंजी लावून पडला हाये वावरात. डोक्यावर किती नेऊ मी? आभाळ पाहा कसं भरून आलं. भिजला तं वर्स गेलं माहं. अन् हे तुमाले ठावं हाये, रूपरावजी. ठावं असून काट्या टाकल्या, याचाच राग येते मले.

रूपराव : तुमच्या अश्वजितनं बंडी घालून माही तूर तुडवली, थे?

कमलाबाई : चार झाडं. पोरानं हात जोडले तुमाले. चार झाडासाठी आख्खा रस्ता गिळला तुमी!

रूपराव : बरं बाप्पा! पायवाटेपुरत्या उचलतो.

विमलाबाई : पायवाट नाई चालत. पदराची गाठ मारली हाये. एकामागं एक गेले तं सुटन.

रूपराव : मंग दोन मानसं जातीन एवढी.

विमलाबाई : आपल्या घरची रीत हाये, नवरानवरी बंडीत बसून देवाले जाते.

रूपराव : रीत? कवापासून?

विमलाबाई : आजपासून.

कमलाबाई : बंडी जुपूनच हाये, अश्वजित घेऊन उभा हाये सडकेवर. येतानी जोडपं आनन, जातानी कापूस नेईन. जोडपं काय, पायी घरी जाईन गप्पा मारत.

रूपराव : म्हंजे दोघीनं आधीच ठरवलं व्हतं?

विमलाबाई : तुमी काट्या उचला पयले.

(रूपराव बोराट्या ओढतात. आधी हातभर, मग बंडी जाईल एवढी जागा होते.)

रूपराव : देवाजवळ सडा कोनं टाकला?

कमलाबाई : म्यां. सकाळीच.

रूपराव : तुमी तं बुद्धाचे. तुमाले आमच्या देवाचं काय?

कमलाबाई : देवाचं काईच नाई. तुमच्या बाबूजीपासून हे वावर घेतलं तवा माह्या सासऱ्यानं त्याइले शब्द देल्ला व्हता, देवाची जागा साफ राहीन म्हनून. तुमच्या बाबूजीनं बी एक देल्ला व्हता, बंडीच्या रस्त्याचा. दोघाइनंबी कागद नाई केला.

रूपराव : मंगळवारी तहसीलीचे साहेब येते, रस्ता हाये का नाई थे पाहाले. त्याइले काय सांगू आता?

कमलाबाई : काई नका सांगू. तवरक बंडीच्या चाकाची चाकोरी पडली राहीन.

रूपराव : अश्वजित! आन बाबू बंडी. तुरीले नको पाहू, सरळ आन.