डब्यातली वरची तीन सालं

"हॅलो?… हॅलो, कोण?… आ-चिंग! अगं, मग तसं सांग ना! नंबर कुणाचा भलताच… वाय-होनचा? आणि तुझा?… चार्जिंगला. बरं. थांब, माझे हात चिकट आहेत, फोन खांद्यात धरते… हं. बोल आता."

युक-हाने फोन कान आणि खांदा यांच्यामध्ये दाबला आणि सुरी पुन्हा उचलली. दक्षिण चीनमधल्या शिनहुईच्या त्या गल्लीत डिसेंबरात कुणाचेच हात कोरडे नसतात. दारादारांत संत्र्यांच्या पाट्या, गच्च्यागच्च्यांवर वाळत टाकलेली सालं, जितकी जुनी तितकी मोलाची. साल तीन पाकळ्यांत चिरायचं, पण तळाशी जोडलेलं ठेवायचं. बोलता बोलता होणारं काम. खरं तर बोलल्याशिवाय ते होतच नाही.

"कोण येतंय जेवायला?… वाय-होनची आई? आज? अगं, आज बुधवार! बुधवारी कोण कुणाकडे… हो, हो. कळलं. रविवारी लग्न, त्याआधी सुनेचा हात बघून घ्यायचा असेल. बघू दे. किती वेळ आहे?… पाऊण तास? मग रडतेस कशाला? संत्र्यातलं डुकराचं मांस कर. दहा मिनिटांत होतं… अगं, ऐक ना. ऐक आधी."

"मांस बिनचरबीचं आहे ना?… धाग्याला आडवं काप. उभं कापलंस तर सासू रविवारपर्यंत चावत बसेल… त्याला सोया सॉस, चिमूटभर साखर, तांदळाची दारू आणि कॉर्नफ्लॉवर चोळून ठेव… किती म्हणजे? लागेल तेवढं!… ग्रॅममध्ये मला नाही सांगता येत, मी काय औषधाचं दुकान चालवते?… हं. कढई धूर सोडेपर्यंत तापव. आलं टाक, मांस टाक, हलवत राहा. संत्र्याचा रस अगदी शेवटी. आधी घातलास तर मांस पाणी सोडतं, मग ते परतलेलं राहत नाही, आजाऱ्याचं होतं."

"आणि साल. सुकं साल भिजवलंस का?… शाबास! बघ, माझीच मुलगी. आतला पांढरा भाग खरवड आणि दोऱ्यासारखं बारीक काप. क्वोक विहीणबाई वखारवाल्यांची लेक आहे. सालांच्या पोत्यांवर झोपून वाढलेली बाई. साल नसेल तर ती ताटाकडे बघायचीसुद्धा नाही… हं. कुठून आणलंस?… घरातलंच? तुझ्या घरात कुठलं आलंय साल? परवा आले तेव्हा तर मिठाची बरणीसुद्धा रिकामी…"

सुरी अर्ध्या संत्र्यात थांबली.

"आ-चिंग… कुठल्या डब्यातलं?"

"…लाल कागद तू फाडलास?"

पलीकडे काहीतरी बराच वेळ बोललं गेलं. युक-हाने सुरी पाटीत ठेवली, हात पँटला पुसले आणि फोन हातात घेतला. असला मजकूर खांद्याने पेलण्यातला नव्हता.

"कार्टे! तो डबा रविवारी उघडायचा होता! नवऱ्याकडच्या मोठ्या माणसांसमोर! म्हणून तर मी आठ दिवस आधी पोचवला, वर लाल कागद चिकटवला… थोडंसंच काय थोडंसंच! तू झालीस त्या हिवाळ्यातली, तुझ्या लग्नात द्यायची म्हणून राखलेली सालं आहेत ती! बाळंतिणीने महिनाभर अंथरूण सोडायचं नाही, गार पाण्याला शिवायचं नाही, आणि मी तुझ्या आजीची नजर चुकवून पांघरुणाखाली संत्री सोलत होते! पांघरुणाखाली! अठ्ठावीस वर्षं झाली. त्यातलं एक साल, एक पाकळी, माझ्या जिभेला लागलेली नाही! ताप आला, खोकला आला, मरायला टेकले, तरी हात लावला नाही. आणि तू ते बुधवारच्या जेवणात…"

"काय 'मा, शांत हो'? मी शांतच आहे!"

"…काय म्हणालीस?"

"नाही, नाही. आत्ता म्हणालीस ते. परत म्हण."

"'परवाच्या वर्षीचीच तर आहेत.' कुठली परवाच्या वर्षीची?"

आता पलीकडे नळ सुरू झाला. वाय-होनचा फोन महागातला होता, त्याच्यातून पाण्याचा थेंबही स्वच्छ ऐकू येत होता.

"आ-चिंग, भिजवलेल्या वाटीतलं पाणी बघ… कसा रंग आहे?… फिका. आणि आतला पांढरा भाग? गळून पडलाय की चिकटून बसलाय?… चिकटून. जुन्या सालाचा गळून पडतो. म्हणजे पोरंच ती. दोन वर्षांची पोरं… मग माझी सालं कुठे आहेत?"

"'बाबांना विचार.' बरं."

तिने बाबांना विचारलं नाही. बाबा म्हणजे तिचा नवरा फूक-सांग, तो बाजारात गेला होता. शिवाय उत्तर तिला थोडं थोडं दिसू लागलं होतं. तिचे गुडघे गेल्यापासून दर हिवाळ्यात तो डबा गच्चीवर उन्हाला फूक-सांगच नेत असे. दुसऱ्या कुणाला हात लावू देत नसे. एवढा काळजीवाला नवरा सबंध गल्लीत नाही, असं ती लोकांना सांगत असे.

"तूच सांग… नाही, तूच. माझ्या हाताशी सुरी आहे, तो समोर नसलेलाच बरा… कधी?… अकरा वर्षांपूर्वी? तू तेव्हा सतरा वर्षांची… म्हणजे तुलाही माहीत होतं? तू जिन्यात उभी राहायचीस? पहाऱ्याला? आणि मी म्हणायची, पोरगी अभ्यासाला जिन्यात बसते, गुणाची आहे!"

"कुणाला विकली?… विकली नाहीत? मग कुणाला दिली? तिकडे झाडाखाली बुद्धिबळाला बसतो, त्या मंडळींच्या चहात… नाही? अगं, मग कुणी खाल्ली?"

"…कुणी?"

युक-हा पाटीच्या काठावर बसली. पाटी कलंडली, चार संत्री घरंगळत दारापर्यंत गेली. त्याच वेळी दार उघडलं. फूक-सांग पिशवीत टोफू घेऊन आत आला, संत्री बघून वाकला, आणि बायकोचा चेहरा बघून वाकलेलाच राहिला.

"तिथेच! पुढे यायचं नाही… तू बोल गं. हा आलाय, बघतोय तुझा बाप… कुठलं सूप? त्या हिवाळ्यातलं? खोकल्याचं?"

त्या हिवाळ्यात युक-हा चार महिने खोकत होती. डॉक्टर बदलले, औषधं बदलली. रोज संध्याकाळी फूक-सांग काळंभोर साल घातलेलं सूप करून आणायचा, आणि ते प्यायलं की तेवढी एक रात्र तिला झोप लागायची.

"अगं, पण ती सालं माझ्या बहिणीने पाठवली होती! हाच म्हणाला! मी तिला फोन करून आभार मानले… हो, ती म्हणाली, 'त्यात काय एवढं!' मी तिला दर नववर्षाला एक बदक पाठवते, त्या सालांपायी! अकरा बदकं! अकरा बदकं खाल्ली त्या बयेने, एक शब्द नाही बोलली! म्हणजे तिलाही माहीत… सगळ्यांनाच? डॉक्टरांनाही?"

"माझ्याकडे बघू नका! टोफू खाली ठेवा, पाणी गळतंय… तुला नाही गं, याला."

"म्हणजे मी… रोज… माझ्याच मुलीचं लेणं… आणि वर म्हणत होते, 'जरा जास्त उकळा, काय वास आहे!'"

तिचा आवाज पहिल्यांदाच खाली आला. फूक-सांगने तेवढ्यात एक संत्रं उचलून पाटीत ठेवलं. तिने ते काढून पुन्हा जमिनीवर ठेवलं.

"विचारायचं तरी मला… हो, नाहीच म्हणाले असते. मेले असते, पण नाही म्हणाले असते. तो माझा हक्क होता! रडत नाहीये मी. संत्र्याचा फवारा उडालाय डोळ्यात."

"पण थांब. दर नववर्षाला मी तो डबा पाहुण्यांच्या नाकाखाली धरते. 'घ्या, वास घ्या, आ-चिंगच्या जन्मीची.' आणि वास तर जुनाच येतो. मीही घेते… वरची तीन? वरची तीन खरी आहेत?… झाकण उघडलं की वास यावा म्हणून ठेवली? आणि खाली आधी भरलेली किडली, म्हणून परवाच्या वर्षी नवी भरली? वा! म्हणजे चोरीही केली आणि वर देखावाही मांडला. एवढं डोकं याने बुद्धिबळात चालवलं असतं तर दरवेळी हरून आला नसता!"

"काय म्हणतेस?… वरची तीन तशीच ठेवायची, कागद पुन्हा चिकटवायचा आणि गप्प बसायचं? अगं, ती वखारवाल्यांची लेक! रविवारी सगळ्यांसमोर ती तळापर्यंत हात घालेल, आणि मग तुला जन्मभर त्या घरात… काय? बेल वाजली? इतक्या लवकर?"

"घाबरू नकोस. दार उघड, वाय-होनला बोलायला बसव. आधी माझं ऐक. ती वाटीतली पोरं फेकून दे. डब्यातली वरची तीन काढ. तिन्ही. भिजत घाल… तिन्ही म्हणतेय ना! झाकणाखाली जे आहे ते दिसू दे. विहीणबाईंना चहा दे, पंधरा मिनिटं जातील. पाणी काळं झालं की काप… मग कढई तापव. हलवत राहा. रस शेवटी… आणि त्यांना फोन दे. हो, आत्ता. दे म्हणते ना!"

फूक-सांगने हाताने 'नको, नको' केलं. युक-हाने उठून केस सारखे केले. फोनवर दिसत नाही हे तिला माहीत होतं, पण विहीण ती विहीण.

"हॅलो? विहीणबाई, जेवलात का?… हो, हो, म्हणजे जेवायलाच आलात, कळलं मला. प्रवास ठीक झाला ना?… हं. विहीणबाई, एक सांगायचं होतं. रविवारी तुम्हाला जो डबा द्यायचा ना, आ-चिंगच्या जन्मीचा… त्यातली सालं जन्मीची नाहीत. परवाच्या वर्षीची आहेत. खरी फक्त तीन उरली होती, ती आज तुमच्या ताटात येतील… नाही, नाही, चोरीला नाही गेली. मीच खाल्ली… हो. सगळी. अकरा वर्षांपूर्वी, खोकल्यात… मला माहीत नव्हतं. मला आत्ताच कळलं. तुमच्या पाच मिनिटं आधी."

 पलीकडे चहाचा कप बशीवर टेकला.

"हॅलो? विहीणबाई?… काय?"

"…हो. थांबला. मग थांबला खोकला… हो, त्यानेच असेल. परत नाही आला."

"…मग सालं सार्थकी लागली, म्हणता?… बरं. बरं. रविवारी भेटू. मांस गरम आहे तोवर खा, गार झालं की चिवट होतं… आणि तिने ते उभं कापलं असेल तर माझ्याकडून माफी… हो, हो. ठेवते."

फोन ठेवला. फूक-सांगने तोंड उघडलं.

"बोलू नका. आणि हा टोफू? कोवळा सांगितला होता, घट्ट आणलात. एकही गोष्ट खरी आणवत नाही तुमच्याच्याने."

तिने पाटी ओढली, सुरी घेतली, अर्धवट राहिलेलं संत्रं चिरलं. सालाचा फवारा थेट घशात गेला आणि तिला ठसका लागला.

फूक-सांग अकरा वर्षांपूर्वीच्या सवयीने सूप करायला स्वयंपाकघराकडे धावला.

"खबरदार!"